चुकीच्या वाद्यावरचा संपूर्ण बाख: झुझाना रुझिच्कोवांचं प्रकरण

1965 च्या सुमारास पॅरिसच्या एराटो या रेकॉर्ड कंपनीने एक अवाढव्य काम हातात घेतलं. अठराव्या शतकातला जर्मन संगीतकार योहान सेबास्टियन बाख याच्या कीबोर्डसाठीच्या सगळ्या रचना हार्प्सिकॉर्डवर, म्हणजे पियानोच्या आधीच्या कीबोर्ड वाद्यावर, रेकॉर्ड करायच्या. सगळ्या म्हणजे वेल-टेम्पर्ड क्लॅव्हियरची दोन्ही पुस्तकं धरून 48 प्रील्यूड आणि 48 फ्यूग (एकच विषय वेगवेगळ्या आवाजांत एकामागून एक आणणारी रचना), 6 इंग्लिश सुईट (सुईट म्हणजे नाचांची मालिका), 6 फ्रेंच सुईट, 6 पार्टिटा, 7 टोकाटा, 15 इन्व्हेन्शन, 15 सिन्फोनिया, गोल्डबर्ग व्हेरिएशन्स, इटालियन कॉन्चेर्तो आणि असं बरंच काही. आणि हे काम ज्या बाईंना दिलं त्या पॅरिसच्या नव्हत्या, लंडनच्या नव्हत्या, कम्युनिस्ट चेकोस्लोव्हाकियात प्रागमध्ये राहत होत्या, ज्यू होत्या, पक्षाचं सभासदत्व त्यांनी नाकारलेलं होतं आणि नाझींच्या छावण्यांमधून त्या जेमतेम जिवंत परत आल्या होत्या. झुझाना रुझिच्कोवा. दहाएक वर्षं चाललेलं हे काम त्यांनी तडीस नेलं आणि बाखच्या कीबोर्ड संगीताचं ते पहिलं संपूर्ण रेकॉर्डिंग मानलं जातं.

आता प्रकरण असं की ज्या वर्षांत हे काम चाललं होतं नेमक्या त्याच वर्षांत हार्प्सिकॉर्डच्या दुनियेत सगळं उलटंपालटं होत होतं. कुठलं वाद्य खरं आणि कुठलं खोटं याबद्दल जाणकारांची मतं पार बदलली, आणि काम संपेपर्यंत रुझिच्कोवाबाई ज्या प्रकारच्या वाद्यांवर वाजवत होत्या ती 'चुकीची' ठरून मोकळी झाली. पुढची कित्येक वर्षं बाईंचं नाव निघालं की ऑशविट्झचा उल्लेख व्हायचा, आदर दाखवला जायचा आणि मग वाजवण्याबद्दल सगळे गप्प. मला हे फार लागतं. ज्या बाईने एवढं काम उभं केलं तिला नुसती 'वाचलेली' म्हणून हार घालायचा आणि तिच्या वाजवण्यावर बोलायचंच नाही, हा कुठला आदर. म्हणून हे सगळं एकदा नीट मांडायचं होतं: त्या वाद्यांवर संपूर्ण बाख करण्यात काही चूक झाली होती का?

आधी वाद्य

हार्प्सिकॉर्ड दिसायला पियानोसारखा, पण आतून वेगळाच प्राणी आहे. पियानोत हातोडी तारेवर आपटते. इथे पट्टी दाबली की आतली एक उभी लाकडी सळई वर उचलली जाते, तिला लावलेलं छोटं टोक (पूर्वी पक्ष्याच्या पिसाच्या दांडीचं असायचं) तार छेडून जातं, सतारीवर नखी जाते तसं. पट्टी सोडली की ते टोक अलगद मागे झुकून खाली येतं आणि फेल्टचा तुकडा तारेवर टेकून आवाज थांबवतो. त्यामुळे जोरात दाबा नाहीतर हळू, आवाजाच्या मोठेपणात फरक जवळजवळ पडत नाही. मग भाव आणायचा कसा, तर वेळेतून. एखादा सूर केसभर उशिरा, दुसरा किंचित जास्त धरून ठेवलेला, दोन सुरांमध्ये कुठे फट ठेवायची आणि कुठे एकावर एक चढू द्यायचे, वादकाचं सगळं कसब तिथे.

दुसरं साधन म्हणजे तारांचे वेगवेगळे संच. नेहमीच्या उंचीचा संच आठ फुटी म्हणतात, एक सप्तक वरचा चार फुटी आणि एक सप्तक खालचा सोळा फुटी. बाखच्या काळातल्या बऱ्याच वाद्यांवर संच बदलायला हाताने खुंटी सरकवावी लागायची, म्हणजे हात मोकळा होईल तिथेच बदल शक्य.

एकोणिसाव्या शतकात पियानोने हार्प्सिकॉर्डला पार हद्दपार केलं. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला पोलंडच्या वांडा लांडोव्स्काने त्याला पुन्हा मंचावर आणलं, पण तिच्यासाठी पॅरिसच्या प्लेयेल कंपनीने 1912 मध्ये जे वाद्य केलं ते पियानोच्या कारखान्यातलंच अपत्य होतं. दणकट सांगाडा, जाड तारा, सोळा फुटी संच, आणि संच बदलायला पायाखाली पेडल. मोठ्या हॉलमध्ये पोचेल असं. त्याच वळणाची वाद्यं पुढे जर्मनीत आमर, नॉयपर्ट, श्पेरहाके वगैरे कारखान्यांमधून यायला लागली आणि पन्नास-साठच्या दशकात युरोपभर बहुतेक जण हार्प्सिकॉर्ड म्हणजे हेच समजत होते.

उलट बाजूला काही मंडळी जुनी, संग्रहालयातली वाद्यं उघडून मोजमापं घेत होती. अमेरिकेत बॉस्टनला फ्रँक हबर्ड आणि विल्यम डाउड, जर्मनीत ब्रेमेनला मार्टिन स्कोव्रोनेक. त्यांचं म्हणणं, अठराव्या शतकातलं वाद्य म्हणजे पातळ लाकडाची हलकी पेटी, तिला लोखंडी सांगाडा नाही, तारा बारीक, आणि त्या हलकेपणातूनच तो बोलका, लगेच उमटणारा आवाज येतो. हबर्डचं हार्प्सिकॉर्ड बांधणीच्या इतिहासावरचं पुस्तक 1965 ला आलं. हो, तेच 1965. हॉलंडमध्ये हार्प्सिकॉर्डवादक गुस्ताव्ह लेओनहार्ट स्कोव्रोनेकच्या वाद्यावर वाजवत होता आणि एक अख्खी तरुण पिढी त्याच्याकडे शिकायला ॲमस्टरडॅमला धावत होती.

लेओनहार्ट 1928 चा, रुझिच्कोवाबाई 1927 च्या. एका वर्षाचा फरक. पण एक जण ॲमस्टरडॅमला बसून हवं ते वाद्य हव्या त्या कारागिराकडून करून घेऊ शकत होता, आणि दुसरीला परदेशात वाजवायचं तर आधी सरकारी कचेरीची परवानगी लागत होती. या दोघांच्या आवाजाची तुलना करणारे लोक हे एवढंसं का विसरतात कळत नाही.

प्लझेनची मुलगी

प्लझेन हे पश्चिम बोहेमियातलं गाव, बिअरमुळे जगाला माहीत असलेलं. झुझानाच्या घरचं खेळण्यांचं दुकान होतं. लहानपणी सारखी आजारी, छातीचं दुखणं, आणि बरी झालीस तर काय हवं असं विचारल्यावर तिने पियानोची शिकवणी मागितली. तिच्या बाई मारी प्रोवाझ्निकोवा-शाश्कोवा यांच्या लक्षात आलं की या मुलीचं मन बाखमध्ये गुंतलंय, तर हिने पुढे हार्प्सिकॉर्ड शिकायला हवा, आणि त्यांनी थेट लांडोव्स्काला पत्र घातलं. पॅरिसजवळ सँ-लू-ला-फोरेला लांडोव्स्काची शाळा होती, तिथे झुझानाने जायचं असं ठरत होतं. जर्मन आले, ज्यूंविरुद्धचे कायदे आले, लांडोव्स्काला स्वतःलाच फ्रान्स सोडून पळावं लागलं. ती भेट राहून गेली ती राहूनच गेली.

जानेवारी 1942 मध्ये घरच्यांसकट तेरेझिनच्या छावणीत रवानगी. वय पंधरा. वडील तिथेच गेले. पण त्याच तेरेझिनमध्ये गिदेओन क्लाइनसारखा संगीतकार होता, त्याच्याकडून तिने हार्मनीचे धडे घेतले. डिसेंबर 1943 मध्ये ऑशविट्झ. जाताना तिने कागदाच्या एका तुकड्यावर बाखच्या पाचव्या इंग्लिश सुईटमधली, ई मायनरमधली साराबांद उतरवून घेतली होती, जवळ काहीतरी असावं म्हणून. साराबांद म्हणजे तीन मात्रांचा संथ नाच, आणि ही तर फारच साधी आहे, दाखवायला म्हणून त्यात काही नाही, विशीच्या आतल्या मुलीला पाठ असावी आणि लिहून काढता यावी अशी. तिथून पुढे हॅम्बुर्गला बॉम्बने पडलेल्या शहरात मजुरी, मग बेर्गेन-बेल्झेन. 15 एप्रिल 1945 ला ब्रिटिश फौज तिथे पोचली तेव्हा झुझाना आणि तिची आई दोघी जिवंत होत्या, जेमतेम.

परत आल्यावर तिचे हात पाहून प्रोवाझ्निकोवाबाई रडल्या असं सांगतात. अठरा वर्षांची मुलगी, ज्या वयात इतर जण कॉलेजच्या परीक्षेला मोठमोठे सोनाटा तयार करत असतात तेव्हा हिने लहान मुलांच्या व्यायामांपासून सुरुवात केली, दिवसाला बारा-बारा तास. 1947 ला प्रागच्या संगीत अकादमीत प्रवेश मिळाला, पियानो होताच आणि ओल्डरिख क्रेडबांकडे हार्प्सिकॉर्ड सुरू झाला, आणि पन्नासच्या दशकाच्या सुरुवातीला मैफलीही सुरू झाल्या.

मी मुद्दाम हे थोडक्यात सांगतोय. याच्यावर खूप लिहिलं गेलंय, आणि लिहायलाच हवं, पण या मुलीने पुढे सत्तर वर्षं संगीतात काढली आणि त्यातले निर्णय तिने स्वतः, डोकं शाबूत ठेवून घेतलेत. वाजवण्यातली प्रत्येक गोष्ट छावणीशी नेऊन जोडली की त्या निर्णयांचं श्रेय आपण काढून घेतो.

पक्ष, पैसा, पासपोर्ट

1952 मध्ये त्यांनी संगीतकार व्हिक्टोर कालाबिस यांच्याशी लग्न केलं. वर्ष लक्षात घ्या. प्रागमध्ये त्याच वर्षी स्लान्स्की खटला, म्हणजे कम्युनिस्ट पक्षाच्याच नेत्यांवरचा दिखाऊ खटला, चालू होता, आरोपींमधले बहुतेक ज्यू, रेडिओवर आणि पेपरात उघड ज्यूद्वेष. अशा वेळी एका ज्यू मुलीशी लग्न करायचं आणि वर दोघांनी कम्युनिस्ट पक्षात यायला नकार द्यायचा, याची किंमत दोघांनी अख्खं आयुष्य मोजली. कालाबिस रेडिओत नोकरी करत रचना लिहीत राहिले. बाई अकादमीत शिकवत राहिल्या पण प्राध्यापकपद मिळालं ते 1990 मध्ये, राजवट कोसळल्यावर, वय 63.

हार्प्सिकॉर्डकडे तर सत्तेतले लोक सरंजामी, राजवाड्यातलं वाद्य म्हणून बघायचे आणि बाख म्हणजे चर्च, दोन्ही गोष्टी नकोशा. पण 1956 ला बाईंनी म्युनिकची आंतरराष्ट्रीय स्पर्धा जिंकली, पश्चिमेकडून बोलावणी यायला लागली आणि सरकारच्या लक्षात आलं की या बाई परकीय चलन आणतात. मग पासपोर्ट मिळायला लागला. करार सरकारी संस्थेमार्फत, मानधनाचा मोठा वाटा सरकारजमा, आणि नवरा आणि आई प्रागमध्ये असल्यामुळे बाई परत येणार याची खात्री सरकारला होतीच. बाई प्रत्येक वेळी परत आल्या.

एराटोचा करार या चौकटीतला आहे. आणि माझ्या मते प्रकरणाची किल्ली इथे आहे. समजा बाईंना 1965 मध्ये ब्रेमेनच्या त्या नव्या वाद्यांबद्दल सगळं पटलं असतं, तरी करणार काय होत्या? स्कोव्रोनेकसारख्या कारागिराकडे वाद्य मागवायचं म्हणजे पश्चिमेकडचा पैसा, तो हातात येतच नव्हता. घरी, अकादमीत, रेडिओत, मैफलीत जी वाद्यं उभी होती ती आमरसारख्या कारखान्यांची, आणि आमर हा तर पूर्व जर्मनीतल्या आयझेनबेर्गचा, म्हणजे कम्युनिस्ट गोटातलाच माल. दोनच पर्याय होते, बाख त्या वाद्यावर करायचा किंवा योग्य वाद्य येईपर्यंत थांबायचं. ज्या माणसाची पंधरा ते अठरा ही वर्षं कुणीतरी काढून घेतलीयत तो थांबेल? मी थांबलो नसतो.

पण नाइलाज एवढंच उत्तर दिलं तर तेही बाईंवर अन्याय करणारं आहे. त्यांना ती वाद्यं आवडत होती. पेडलमुळे मिळणारे रंग त्यांनी पूर्ण विचार करून वापरलेत. फ्यूगमध्ये विषय पुन्हा खालच्या आवाजात येतो तेव्हा सोळा फुटी संच घालून त्याला वजन द्यायचं, मधल्या भागात सगळं काढून एकच आठ फुटी ठेवायचा, असं एखाद्या ऑर्केस्ट्राची मांडणी करावी तसं. जुन्या वाद्याच्या भक्तांना हे पाप वाटतं.

आता जरा कागदोपत्री बघू. बाख 1750 मध्ये गेला तेव्हा त्याच्या मालमत्तेची यादी झाली, त्यात पाच क्लॅव्हेसिन म्हणजे हार्प्सिकॉर्ड, दोन ल्यूट-वर्क आणि एक छोटं स्पिनेट (हार्प्सिकॉर्डचाच लहान प्रकार) नोंदलेलं आहे. ल्यूट-वर्क म्हणजे आतड्याच्या तारांचं कीबोर्ड, ल्यूटसारखा आवाज यावा म्हणून बनवलेलं. म्हणजे हा माणूस एका आवाजाला चिकटून बसणारा नव्हता. त्याच्या बहुतेक रचनांवर नुसतं 'क्लॅव्हियर' असतं, कुठलंही कीबोर्ड. दोन कीबोर्डांचा हार्प्सिकॉर्डच हवा असं त्याने स्पष्ट छापलंय ते इटालियन कॉन्चेर्तो आणि फ्रेंच ओव्हर्चरसाठी (1735) आणि गोल्डबर्गसाठी (1741). आणि सोळा फुटी संच म्हणजे विसाव्या शतकाची भानगड असं जे सरसकट म्हटलं जातं तेही पूर्ण खरं नाही, हॅम्बुर्गच्या हास या कारागिराने 1740 मध्ये केलेल्या वाद्यात सोळा फुटी संच आहे आणि ते वाद्य आजही आहे. आमरचं वाद्य त्यामुळे अठराव्या शतकातलं होत नाही, बांधणी वेगळीच आहे, हे मान्य. पण रंग बदलत वाजवणं हे बाखच्या काळाला परकं होतं असं छातीठोकपणे सांगता येत नाही.

ऐकताना काय होतं

एराटोच्या रेकॉर्डिंगचा संच पूर्ण सलग ऐकला तर सगळं सारखं चांगलं वाटणार नाही, आणि तसं म्हणायची गरजही नाही. फ्रेंच सुईट मला या वाद्यांवर जड वाटतात. ते घरगुती, नाजूक नाच आहेत, त्यांना तो हलका, पटकन उमटून विरणारा आवाजच शोभतो, इथे सूर जरा लोखंडी लागतो आणि वाजवणाऱ्याने कितीही फुंकर घातली तरी तो धातू जात नाही. या बाबतीत लेओनहार्टच्या बाजूचे लोक बरोबर आहेत.

पण क्रोमॅटिक फँटसी अँड फ्यूग लावा. सुरुवातीला सुरांच्या सरी वरखाली धावतात, मग अचानक ते थांबून एकट्या माणसाने बोलावं तसं येतं, स्वरसमूह एक एक करून उलगडत जातात आणि प्रत्येक वेळी वाटतं की आता घर आलं आणि येत नाही. इथे बाई घाई करत नाहीत. एकेका स्वरसमूहाला पूर्ण वाजू देतात, आणि मोठ्या वाद्याचा लांब रेंगाळणारा आवाज इथे कामाला येतो. फ्यूग सुरू झाला की लय पक्की, जराही न हलणारी, आणि शेवटाकडे सगळे संच एकत्र. हे ऐकून 'वाद्य चुकीचं आहे' असं म्हणणाऱ्या माणसाने नेमकं काय ऐकलं हा प्रश्न पडतो.

बाई मुलाखतींमधून बाखबद्दल सारखं एकच सांगायच्या, की त्याच्या संगीतात आपल्या सगळ्यांच्या वरची एक व्यवस्था आहे, आपण कितीही खचलेलो असलो तरी ती तिथे असते. वाजवण्यात ते ऐकू येतं. लय त्या सहसा ढिली सोडत नाहीत. भावनेने ओथंबलेला बाख हवा असेल तर इथे मिळणार नाही.

आणि त्या फक्त जुन्या संगीताच्या नव्हत्या हेही सांगायला हवं. योसेफ सुक या व्हायोलिनवादकाबरोबर बाखचे सोनाटा, 1962 मध्ये कंडक्टर व्हात्स्लाव्ह नॉयमान यांच्याबरोबर स्थापन केलेलं प्राग चेंबर सोलोइस्ट्स, आणि नवऱ्याने त्यांच्यासाठी 1975 मध्ये लिहिलेला हार्प्सिकॉर्ड कॉन्चेर्तो. आजच्या संगीतकाराने ज्या वाद्यासाठी लिहिलं, ते आज उभं असलेलं, मोठ्या हॉलमध्ये ऐकू जाणारं वाद्य. त्यासाठी संग्रहालयात जायची गरजच नव्हती.

पुढे काय झालं

सत्तरच्या दशकात संपूर्ण बाख पुरा झाला आणि त्याच वेळी जुन्या पद्धतीच्या वाद्यांची लाट युरोपभर पसरली. 1971 मध्ये ऑस्ट्रियाचा कंडक्टर हार्नोनकूर्ट आणि लेओनहार्टने बाखच्या कँटाटांचं (चर्चसाठीच्या गायनरचनांचं) रेकॉर्डिंग जुन्या वाद्यांवर सुरू केलं, नवे विद्यार्थी, नवी कॉन्झर्व्हेटरी, नव्या कंपन्या, सगळीकडे हाच मार्ग. कारखान्यातले मोठे हार्प्सिकॉर्ड गोडाउनमध्ये गेले. एराटोचा संच पूर्ण स्वरूपात सीडीवर एकत्र यायला 2016 उजाडलं, बाईंच्या नव्वदीच्या तोंडावर, 20 सीडी. 27 सप्टेंबर 2017 ला प्रागमध्ये त्या गेल्या. म्हणजे आपलं सगळं काम एका पेटीत आलेलं त्यांनी पाहिलं, पण जेमतेम वर्षभरच. एवढा उशीर व्हायला नको होता. ज्यांच्या हातात तो संच आधी काढणं होतं त्यांनी तो आधी काढायला हवा होता, हे मला अजूनही वाटतं.

शिक्षिका म्हणून मात्र त्यांचं पारडं वेगळंच आहे आणि माझ्या दृष्टीने या प्रकरणातला सगळ्यात भक्कम पुरावा तिथे आहे. इंग्लंडचा क्रिस्टोफर हॉगवूड साठच्या दशकात तरुणपणी प्रागला येऊन त्यांच्याकडे शिकला. त्याने पुढे 1973 मध्ये अकॅडमी ऑफ एन्शंट म्युझिक काढली, संपूर्ण जुन्या वाद्यांची, त्या चळवळीचा तो एक मोठा खांब. आणि बाईंच्या म्हातारपणी त्यांच्याकडे आलेला, शेवटचा विद्यार्थी म्हणून ओळखला जाणारा माहान एस्फहानी, इराणमध्ये जन्मलेला, अमेरिकेत वाढलेला, तो अगदी उलट टोकाचा: एकविसाव्या शतकातल्या संगीतकारांकडून हार्प्सिकॉर्डसाठी नवं लिहून घेणारा, जुन्या वाद्याचं सोवळं न पाळणारा आणि बाईंच्या रेकॉर्डिंगची जाहीरपणे बाजू घेणारा. दोघांनी शिक्षण एकाच बाईंकडे घेतलं, आणि दोघांपैकी कुणालाही त्यांनी आपल्या वाद्याचा शिक्का मारून पाठवलं नाही.